माफी मागितली म्हणून पास रद्द

बुलढाण्याला समुद्र नाही. घाटमाथ्यावरचे थंड गाव. पावसाळ्यात तळे भरले की लोक छत्र्या घेऊन ते पाहायला जातात, एवढेच आमचे पाण्याचे कौतुक. तरीही या जिल्ह्यातून समुद्रापलीकडे जाणारी जी काय थोडी माणसे होती, त्यांचे दार बरीच वर्षे माझ्या टेबलावर उघडत आणि मिटत असे. डेप्युटी कमिशनरसाहेबांच्या कचेरीत मी इंग्रजी शाखेचा कारकून होतो. इतर कामांबरोबर पासपोर्टाचे काम माझ्या गळ्यात पडले होते, कारण ते दुसऱ्या कोणाला नको होते.

संपादकांनी लिहिले आहे की, कचेरीतल्या गमतीजमती सांगा, दिवाळीत वाचकांना जरा हसू द्या. गमती होत्याच. पण सणासुदीला शोभेल तेवढेच आठवावे, असे काही माझ्या हातात नाही. लिहायला बसलो की कुठूनही सुरुवात केली तरी मी कासमभाई पिंजाऱ्यापाशी येऊन थांबतो. तेव्हा तीच हकीकत सांगतो.

आधी आमचा धंदा थोडक्यात. पासपोर्ट म्हणजे सरकारने परमुलखातल्या सरकारला दिलेली चिठ्ठी, की हा माणूस आमचा आहे, याला येऊ-जाऊ द्या. माझ्याकडे त्याचे दोन प्रकार येत. एक पुठ्ठ्याचा, फोटो चिकटवलेला. तो नागपूरहून यायचा. विलायतेला बॅरिस्टर व्हायला निघालेले देशमुखांचे चिरंजीव, आफ्रिकेत चुलत्याच्या दुकानावर निघालेला एखादा बोहरी, असे त्याचे गिऱ्हाईक. दुसरा हाजींचा साधा पास. तो आमच्याच कचेरीतून निघे. त्यावर मक्केला जाऊन यायचे, बाकी कुठे नाही. नवराबायको दोघे निघाले तर पास एकच; वर नवऱ्याचे नाव आणि खाली 'सोबत पत्नी'. हे खालचे दोन शब्द मी हजार वेळा लिहिले असतील, पण त्यांत काय भरलेले आहे हे मला एका बाईने सांगेपर्यंत कळले नव्हते.

वऱ्हाडच्या माणसाचा आणखी एक घोळ होता. कारभार सगळा नागपूरचा, कायदा इंग्रजांचा, पण मुलूख अजून कागदावर निजामसाहेबांचा. त्यामुळे आमच्या माणसाला पासपोर्टावर 'ब्रिटिश प्रजा' लिहिता येत नसे, 'ब्रिटिशांनी संरक्षण दिलेला' असे लिहावे लागे. एका देशमुखाच्या मुलाला याचा फार राग आला. "म्हणजे मी नेमका कोणाचा?" त्याने साहेबांना विचारले. साहेब म्हणाले, "कोणाचाही असा, सही इथे करा." त्याने केली आणि विलायतेला गेला. परत आला तोवर साहेब बदलून गेले होते. प्रश्न मात्र जागच्या जागी होता.

आता ज्याच्यावर फौजदारी खटला चालू आहे त्याचे काय? कायद्याने तो गुन्हेगार नाही, नुसता आरोपी. जेवतो, खातो, लग्नाला जातो. पण तारखेला कोर्टात हजर पाहिजे. आमच्याकडे गुराच्या पायाला लांब दावे बांधून बांधावर सोडतात, तशी त्याची गत. चरायला मोकळा, पण दाव्यापुरता. त्याने परदेशी जायचे म्हटले तर मॅजिस्ट्रेटची परवानगी, लायक जामीन आणि साहेबांची मर्जी अशा तीन गोष्टी लागत. मर्जीविषयी पुस्तकात काही लिहिलेले नव्हते. ती खरी आडकाठी.

ती आडकाठी वाढवून ठेवली मलकापूरच्या एका कापूस-दलालाने. जरीकाठी फेटा, तोंडात विडा, अंगावर फसवणुकीचा खटला. आफ्रिकेला जायचे म्हणून अर्ज घेऊन आला. मी म्हटले, खटला आहे, पासपोर्ट मिळणार नाही. तो बसला, पानाचा डबा उघडला आणि सहज विचारल्यासारखे म्हणाला, "बाबूसाहेब, पासपोर्ट लागत नाही असा दूरचा मुलूख कोनता?" मी म्हटले, रंगून. ब्रह्मदेश तेव्हा हिंदुस्थानच्याच कारभारात होता. जहाजात बसले की झाले. त्याने मला एक विडा दिला, राम राम केला आणि पुढच्या तारखेला तो रंगूनला होता. लोक कितीतरी दिवस ही गोष्ट सांगून हसत होते. मीही हसलो. पण नागपूरहून साहेबांना जे पत्र आले ते हसण्यासारखे नव्हते. तेव्हापासून आमच्या साहेबांनी ठरवून टाकले की, आरोपीच्या बाबतीत जरा जरी शंका आली तरी आधी पास काढून घ्यायचा आणि मग विचार करायचा. सुक्याबरोबर ओलेही जळते म्हणतात. इथे तर सुके रंगूनला जाऊन बसले होते, ओलेच तेवढे हाताशी होते.

कासमभाई मलकापूरचा पिंजारी. साठीचा, लुकडा माणूस. दाढीत कापसाचे तंतू कायम अडकलेले, त्यामुळे दाढी किती पिकली आहे हे सांगता येत नसे. खांद्यावर पिंजायची कमान टाकून तो गावोगाव फिरे, आणि कोणाच्या ओसरीवर तिचा तुंग-तुंग आवाज सुरू झाला की त्या घरी लग्न आहे हे शेजारपाजाऱ्यांना कळे. त्याने पिंजलेल्या कापसाच्या गाद्या त्याची बायको अमीनाबी शिवायची. मूलबाळ राहिले नव्हते. हजच्या पासासाठी दोघे माझ्याकडे पहिल्यांदा आली ती मलकापूरच्या मोटारीने, घाट चढून. अमीनाबी खुर्ची चाचपून बसली.

"हिच्या नजरेसाठी धावपळ हाय बाबूसाहेब," कासमभाई म्हणाला. "सुईत दोरा आता शेजारीन ओवून देते. डागदर म्हन्ते, हा मोतीबिंदू नाही, कापून निघाचा नाही. आतली नसच सुकून राह्यली."

"मले तिथं जाऊन काही मांगाचं नाही," अमीनाबी म्हणाली. "एक डाव डोळ्यानं पाहाचं हाय. मंग अंधार झाला तरी चालते."

तिने हे इतक्या व्यवहारी सुरात सांगितले, जणू बाजाराला जायचे आहे. मी म्हटले, अर्ज ठेवा, आठवड्याभरात पास होईल. तेव्हा कासमभाईने खाकरून सांगितले की, त्याच्यावर एक खटला आहे.

तो खटला असा. कापसाच्या हंगामात जिनिंग कारखान्याच्या फाटकाबाहेर गाड्यांची रांग लागते. आधी गाडी कोणाची, यावरून तिथे चार गाडीवानांची आणि नामदेव नावाच्या शेतकऱ्याची जुंपली. गाडीच्या उभाऱ्या, म्हणजे कडेचे दांडके, उपसल्या गेल्या आणि नामदेवच्या डाव्या हाताचे हाड मोडले. कासमभाई जिनातला उरलासुरला कापूस घ्यायला गेला होता, तो मध्ये पडला. सोडवायला पडला की हात साफ करायला, हे त्या धुळीत कोणीच नीट पाहिले नाही. त्याला स्वतःलाही छातीठोक सांगता येत नव्हते. "ढकलाढकली झाली बाबूसाहेब. माहा हात कोनाले लागला असन, नसन. म्या माराले नाही उचलला, इतकं मालूम हाय."

आता कायद्याची मेख पाहा. चौघांनी मिळून मारले तर ती मारहाण. पाच जण असले की तो दंगा. मारहाणीचा गुन्हा फिर्यादी माफ करू शकतो, दंग्याचा नाही. दंगा सरकारविरुद्ध असतो. पोलीस जमादाराला मारहाणीपेक्षा दंग्यात जास्त गोडी असते आणि चार माणसे तर त्याच्या हाती होतीच. पाचवा लागत होता. कासमभाई तिथेच उभा होता, पळूनही गेला नव्हता. झाला पाचवा.

तरीही मलकापूरच्या मॅजिस्ट्रेटने परवानगी दिली. म्हाताऱ्याचे वय, बाईची नजर, जामीन भला; तारखेला वकील हजर राहील असे ठरले. साहेबांनी फाईल दोनदा परत पाठवली, तिसऱ्यांदा सही केली. पासाबरोबर नेहमीची अट होती, फिर्यादीला धाक किंवा फूस देऊ नये. मी ती वाचून दाखवली. दोघांनी माना डोलावल्या. नामदेवला धाक कोण घालणार? त्याच्या लग्नातली गादी कासमभाईने पिंजलेली आणि अमीनाबीने शिवलेली.

पास कनवटीला लावून कासमभाई उठला आणि माझ्यासमोर हात जोडून उभा राहिला.

"बाबूसाहेब, काही बोल्लो-चाल्लो असन, काही चुकलं-माकलं असन, त माफ करा."

मला हसू आले. आमची ओळख जेमतेम दोन-तीन भेटींची. चुकायला त्याला वेळ तरी कुठे मिळाला होता? पण मला रीत ठाऊक होती. हजला निघणारा माणूस जाण्याआधी सगळ्यांकडे फिरतो आणि बोलल्या-ऐकल्याची माफी मागतो. कोणाचे मन आपल्यावर खट्टू ठेवून तिकडे जायचे नसते; गेले तर जाणे फुकट. मी म्हटले, "माफ केले. जा, सुखरूप परत या." अमीनाबीनेही मागितली, कासमभाईच्या मागे उभी राहून. मग दोघे शिपायाकडे गेली, दप्तरीकडे गेली, दाराशी लोकांचे अर्ज लिहून देत बसलेल्या अर्जनवीसाकडे गेली. कचेरीत त्या दिवशी सगळ्यांनी सगळ्यांना माफ केले. असा दिवस सरकारी कचेरीत वारंवार येत नाही.

गावी परतल्यावर त्याने पुढची फेरी सुरू केली. आणि रीत अशी की, ज्याच्याशी सर्वांत जास्त बिनसले असेल त्याच्याकडे आधी जायचे. जामिनावरच्या माणसाने नेमके त्याच्याच दारी जायचे नसते, हे कासमभाईच्या ध्यानीमनी नव्हते. आणि असते तरी तो गेला असता असे मला वाटते, कारण नामदेवला वगळून बाकी साऱ्या मलकापूरची माफी मागणे म्हणजे आजारी सोडून शेजाऱ्याला औषध पाजणे.

तो नामदेवच्या खेड्यावर गेला तेव्हा ओट्यावर नामदेव होता, चार गावकरी होते, आणि बैलचोरीच्या तपासाला आलेला तोच जमादार चहा पीत बसला होता. एखादा मागच्या पावली परतला असता. कासमभाई पुढे गेला. सगळ्यांदेखत त्याने नामदेवचा मोडका हात दोन्ही हातांत धरला.

"नामदेवभाऊ, माहा हात तुह्यावर उठला असन, माह्यापाई तुले दुख झालं असन, त मले माफ कर. मी देवाच्या घरी जाऊन राह्यलो."

नामदेवच्या डोळ्यांत पाणी आले. "माफ केलं बाप्पा," तो म्हणाला, "जाय, माह्यासाठीबी काही मांगजो." त्याने बायकोकडून नारळ मागवून कासमभाईच्या हातात ठेवला. कासमभाई तिथून उठला तो जमादाराकडे वळला आणि त्याने त्याचीही माफी मागितली. जमादाराने मान हलवली, चहा संपवला आणि ठाण्यावर जाऊन रिपोर्ट लिहिला.

मलकापूर स्टेशनावर दोघांना निरोप द्यायला गर्दी झाली होती म्हणतात. हार, अत्तर, मुलांना खडीसाखर. हिंदू-मुसलमान, ज्यांच्या ज्यांच्या गाद्या त्याने पिंजल्या होत्या ते सगळे. गाडी सुटली. मुंबईत जहाजाची वाट पाहत दोघे मुसाफिरखान्यात उतरली. आणि इकडे जमादाराचा रिपोर्ट, ठाणेदाराच्या शेऱ्यासह, माझ्या टेबलावर आला. आरोपीने फिर्यादीच्या घरी जाऊन चार साक्षीदारांसमोर हात उचलल्याचे कबूल केले. माफी मागून फिर्यादीला फूस दिली. परदेशी निघाला आहे, परत येईल याचा भरवसा नाही. पास रद्द व्हावा.

मी कारकून होतो. कागद पुढे सरकवणे माझे काम. पण हा कागद घेऊन मी स्वतः साहेबांकडे गेलो आणि ती रीत काय आहे ते सांगितले. साहेब वाईट नव्हते. शांतपणे ऐकून घेतले.

"ज्याने काही केले नाही, तो माफी कशाची मागतो?" त्यांनी विचारले.

"साहेब, ते सगळ्यांचीच मागतात. माझीही मागितली."

"तुमचा हात मोडलेला नाही."

"पण साहेब, त्याने जमादाराचीसुद्धा..."

"आणि तो दलाल?" साहेब म्हणाले. "त्याच्याबद्दलही मला कोणी तरी असेच सांगितले होते. साधा माणूस आहे म्हणून."

पास रद्द केल्याचा हुकूम निघाला आणि मुंबईच्या बंदरावरील पोलिसांना तार गेली. तारेचा मसुदा माझा. कमीत कमी शब्दांत लिहायची आमची शिस्त होती आणि तीत माझा हात धरणारा कोणी नव्हता.

दुसऱ्या दिवशी नामदेव धापा टाकत कचेरीत आला. त्याला गावात खबर लागली होती. मी त्याला साहेबांसमोर उभे केले. मोडका हात पुढे करून तो म्हणाला, "सायेब, हात माहा मोडला. म्याच माफ केलं. तुमी काऊन माफ नाही करून राह्यले?"

साहेबांनी त्याला मारहाण आणि दंगा यांतला फरक समजावून सांगितला. मी तो मराठीत करून दिला. नामदेवने सगळे ऐकले आणि विचारले, "म्हंजे आनखी एक मानूस कमी असता, त माही माफी चालली असती?" साहेबांनी माझ्याकडे पाहिले. मी त्याचे भाषांतर केले नाही.

बंदरावर काय झाले ते मला पुढे कासमभाईच्या जामीनदाराने सांगितले. जहाजाच्या शिडीशी पास तपासत होते. याचा पास पाहिला, बाजूला उभे केले. मागून लोक चढत राहिले. अमीनाबीला आधी वाटले, गर्दीमुळे थांबवले आहे. जहाज धक्क्यापासून सुटले तेव्हा तिने कासमभाईला विचारले, आपण हललो का? तिला आता जवळचेच दिसत होते.

हजला म्हणून हार घालून निघालेला माणूस तसाच परत आला, तर गावात तोंड कसे दाखवायचे? दोघे मलकापूरला उतरलीच नाहीत. अलीकडे बोदवडला उतरून बैलगाडीने, आडवाटेने, दिवेलागणीला घरी आली. कासमभाईची कमान कितीतरी दिवस खुंटीवरून खाली आली नाही. लोक भेटायला जात. तो दार लोटून घेई.

आणि एक दिवस अमीनाबी कचेरीत आली. या वेळी एकटी. मोटारीतून कोणी तरी हात धरून तिला माझ्या टेबलापर्यंत आणून सोडले.

"बाबूसाहेब, मी भांडाले नाही आली," ती म्हणाली. "एकच पुसाचं हाय. त्याच्यावर गुन्हा हाय, मंजूर. माह्यावर कोनतं कलम हाय?"

"तुमच्यावर काही नाही, बाई."

"मंग मले काऊन उतरवलं?"

मी सांगितले की, पास कासमभाईच्या नावाचा होता, तिचे नाव त्याच्या खाली होते. वरचा रद्द झाला की खालचा आपोआप रद्द होतो. बोलता बोलता माझेच मला ऐकू येत होते, आणि ते ऐकायला बरे वाटत नव्हते.

"मंग मले येगळा कागद द्या. माह्या एकटीचा."

"तुमच्याबरोबर घरचा पुरुष लागेल, बाई. तुमच्याही धर्मात तशी रीत आहे."

"होता न," ती म्हणाली. "तुमीच उतरवला त्याले."

मी पाणी मागवले, ते ती प्यायली. मग विचारले, खटला कधी संपेल? मी म्हटले, लवकरच. सरकारी नोकरीत हा शब्द मी पुष्कळ वापरला आहे, पण त्या दिवसासारखी त्याची लाज मला कधी वाटली नाही.

लवकर कसचे? मॅजिस्ट्रेट बदलले. दोन नंबरचा आरोपी खानदेशात कामाला गेला, समन्स त्याच्यामागे फिरत राहिले. जमादाराची बदली मेहकरला झाली. तो दर वेळी बंदोबस्तात अडकलेला असे. तारखा पडत गेल्या. हजचा हंगाम आला आणि गेला. पुन्हा आला, गेला. मलकापूरचा कोणी कचेरीत आला की मी सहज म्हणून अमीनाबीची चौकशी करी. आधी कळले की गाद्या शिवायचे सोडले. मग कळले की चुलीजवळ जाऊ देत नाहीत. मग एकदा नामदेवच आला होता, त्याला विचारले तर त्याने स्वतःच्या डोळ्यांवर आडवा हात धरला. मला समजले.

शेवटी नव्या मॅजिस्ट्रेटसमोर जमादार उभा राहिला. मॅजिस्ट्रेटनी त्याला विचारले, "आरोपीने तुमचीही माफी मागितली होती?"

"जी हुजूर."

"तुमचा कोणता हात मोडला होता?"

कोर्टात हशा झाला. कासमभाई सुटला. तो सुटला म्हणून पाचाचे चार झाले. चार झाले म्हणून दंगा उरला नाही. दंगा उरला नाही म्हणून नामदेवला मारहाण माफ करता आली, आणि सगळेच सुटले. जमादाराची तीच गोष्ट मी साहेबांना सांगायला गेलो होतो. पण कारकुनाने सांगितली तर ती रदबदली, मॅजिस्ट्रेटने विचारली तर तो न्याय. मला या निकालाचा आनंद व्हायला हवा होता. झाला नाही.

कासमभाई पास परत न्यायला आला. मी नवा लिहून तयार ठेवला होता. खाली तेच दोन शब्द होते, 'सोबत पत्नी'.

"जाणार ना?" मी विचारले. "दोघेही?"

"घरवाली म्हन्ते, तिथं नेऊन उभी कर. दिसो का न दिसो." त्याने अंगठा उमटवला, पास घडी करून कनवटीला लावला. मी उगीचच टाक पुसत बसलो होतो. खरे सांगायचे तर मी वाट पाहत होतो. मागच्या वेळी त्याने हात जोडून म्हटले होते तसे काही तरी म्हणेल, आणि मी या वेळी हसणार नाही, असे मी मनाशी ठरवले होते. कासमभाई उठला, सलाम केला आणि सरळ दाराबाहेर गेला. शिपायाकडे गेला नाही, अर्जनवीसाकडे गेला नाही.

मलकापुरातही या खेपेला तो कोणाकडे फिरला नाही, असे ऐकले. लोकांना चुकल्यासारखे वाटले. एका शेजाऱ्याने बोलून दाखवले तेव्हा तो म्हणाला म्हणे, "मागच्या खेपेले माफी मांगली, त त्याची जबानी झाली. आता माफी मांगाचं भेव वाटते."

ज्या दिवशी ते निघणार होते, त्याच दिवशी मला कामासाठी अकोल्याला जायचे होते. ठरवून केले असे कोणी म्हटले तर मी नाही म्हणणार नाही. मलकापूरच्या फलाटावर दोघे एका बाकाशी उभी होती. एक वळकटी, एक पेटी. हार नाहीत, अत्तर नाही, निरोपाला कोणी नाही. अमीनाबीचा हात कासमभाईच्या खांद्यावर होता. मी जवळ जाऊन नमस्कार केला. कासमभाईने सलाम केला. मग मी तिथेच दोन पावलांवर माझ्या गाडीची वाट पाहत उभा राहिलो.

तेवढ्यात बाहेर बैलांची दमणी थांबल्याचा आवाज आला आणि नामदेव आत आला. त्याचा डावा हात वाकडाच सांधला होता. घाईने येऊन तो कासमभाईसमोर उभा राहिला आणि पायातल्या वहाणा काढल्या.

"कासमभाऊ, त्या रोजी म्या रपोट देली नसती, त हे काहीच झालं नसतं. भाभीची नजर गेली. तू नाही आला, म्हनून मी आलो. मले माफ कर बाप्पा."

अमीनाबीने तोंड आवाजाकडे वळवले. "कोन बोलून राह्यलं?"

"नामदेव."

"काय म्हन्ते?"

"माफी मांगते."

तिचा चेहरा एकदम सैल झाला. खांद्यावरचा हात काढून तिने तो समोर, नामदेवच्या अंदाजाने, डोक्यावर ठेवायला म्हणून उचलला. नामदेव वाकला. आणि मग तिचा हात मधेच थांबला.

"आजूबाजूले कोनी सरकारी मानूस हाय का?" तिने हळूच विचारले.

कासमभाईने फलाटाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत पाहिले. पोलीस नव्हता, जमादार नव्हता. मग त्याने माझ्याकडे पाहिले. रागाने नाही. आभाळ पाहून पाऊस येईल म्हणावे, तसे पाहिले.

"हाय," तो म्हणाला.

अमीनाबीने हात खाली घेतला आणि पदरात गुंडाळला. नामदेव वाकलेलाच होता. मी तिथून निघून जायला हवे, एवढे मला कळले. पण कळेपर्यंत मुंबईची गाडी फलाटाला लागली होती.